टाइमआउट आता माझ्या हातात

कॉलेजात बास्केटबॉल खेळणाऱ्यांचं एक टिपिकल दुःख असतं. क्रिकेटवाल्यांना नोकरी लागल्यावरही मॅचेस मिळतात. कॉर्पोरेट कप, टेनिस बॉलच्या टुर्नामेंट्स, रविवारचं आझाद मैदान, काही ना काही चालूच. आमचा गेम मात्र टीवायच्या परीक्षेबरोबर संपतो. अगदी टॉपच्या मुली स्पोर्ट्स कोट्यातून रेल्वेत लागतात. बाकीच्या आमच्यासारख्या इंटर-कॉलेजिएटची सर्टिफिकेट्स फाइलला लावतात आणि एमबीएच्या एन्ट्रन्सचा फॉर्म भरतात. मग ‘मी खेळते’चं कधी ‘मी खेळायचे’ होतं, कळतसुद्धा नाही.

माझंही तेच झालं. अकरावीपासून पाच वर्षं मी पॉइंट गार्ड. उंची पाच फूट तीन इंच, त्यामुळे रिंगखाली आपलं काही काम नाही. बॉल वर आणायचा, कोण मोकळं आहे ते बघायचं आणि पास द्यायचा. मग परळच्या एका ऑफिसात इन्शुरन्स क्लेम्स तपासायला लागले आणि शूज माळ्यावर गेले. तीन वर्षांनी आमच्या जुन्या सरांचा फोन आला. ‘सकाळी सहाला ये. चौदा वर्षांखालच्या मुली आहेत, मला एकट्याला झेपत नाहीत.’ सरांना नाही म्हणायची सवय आमच्यापैकी कुणालाच नव्हती.

पहिल्याच आठवड्यात एका मुलीने विचारलं, ‘ताई, लेअपला आधी कुठला पाय?’

आता लेअप म्हणजे बास्केटबॉलमधलं अआइई. पळत येऊन दोन पावलं टाकायची, उडी मारायची आणि बोर्डवर बॉल ठेवायचा. मी तो हजारो वेळा मारला असेल, पण आधी कुठला पाय हे कधी शब्दांत सांगायची वेळच आली नव्हती. मग मी स्वतःच स्लो मोशनमध्ये तो करून पाहिला. उजव्या हाताचा लेअप असेल तर आधी उजवा, मग डावा, डाव्यावरून उडी, उजवा गुडघा वर. पहिलं पाऊल लांब, दुसरं आखूड. एवढं सांगितल्यावर चौघींना जमलं. दोघींना ‘जिना चढतेस ना, तसं’ असं सांगावं लागलं. एकीसाठी खडूने जमिनीवर पावलं काढली, तेव्हा कुठे तिची ट्यूब पेटली. खेळताना एकच शरीर सांभाळायचं असतं. इथे चौदा शरीरं आणि प्रत्येकाची भाषा वेगळी!

दुसरी गंमत टाइमआउटची. ‘फिबा’च्या, म्हणजे आंतरराष्ट्रीय नियमांत टाइमआउट फक्त कोच किंवा असिस्टंट कोच मागू शकतो, खेळाडू नाही. पहिल्या हाफमध्ये दोन, दुसऱ्यात तीन, प्रत्येकी एक मिनिटाचे. कॉलेजात असताना दम लागला की आम्ही आशेने बेंचकडे बघायचो. आता मी बेंचवर आणि मुली माझ्याकडे बघतात. एका मिनिटात पाच सूचना दिल्या तर एकही डोक्यात राहत नाही. एकच सांगायची. आणि बाकीचा सगळा वेळ साइडलाइनला उभं राहून हात खिशात घालायचे, कारण समोर दिसणारा पास आपण देऊ शकत नाही. हे सगळ्यात अवघड. बोटं अक्षरशः शिवशिवतात.

मुंबईत बास्केटबॉल म्हटलं की नागपाडा. १९७० साली अर्जुन पुरस्कार मिळवणारे अब्बास मुंतसिर याच वस्तीतून आले. इथल्या पालिकेच्या मैदानाला नाव आहे बच्चूखान यांचं. बच्चूखान कोच होते. इतके इंटरनॅशनल खेळाडू देणाऱ्या वस्तीने मैदानाला नाव मात्र शिकवणाऱ्याचं दिलं. सॉलिड वाटलं मला हे.

शिकवायचं म्हणजे आधी ते शिकावंही लागतं. बनारसच्या दिव्या सिंगने भारताचं कप्तानपद सांभाळलं आणि तरीही ती २००८ मध्ये अमेरिकेत डेलावेअर विद्यापीठात स्पोर्ट्स मॅनेजमेंट शिकायला गेली. तिथल्या मुलींच्या टीमबरोबर असिस्टंट कोच म्हणून काम केलं आणि परत येऊन इथल्या टीम्स घडवायला घेतल्या. आपल्याकडे पतियाळाला १९६१ पासून ‘एनआयएस’ आहे. तिथे कोचिंगचा वर्षाचा डिप्लोमा असतो, सहा आठवड्यांचा सर्टिफिकेट कोर्सही असतो. तो फॉर्म मी डाउनलोड करून ठेवला होता. नुसताच ठेवला होता.

मग सात नंबरचं प्रकरण झालं. सात नंबर म्हणजे आमची पॉइंट गार्ड. तेरा वर्षांची, बारकी, डोळे सगळीकडे. सलग चार दिवस आली नाही म्हणून करी रोडला तिच्या चाळीत गेले. वडील नुकतेच ड्यूटीवरून आले होते. चहा झाला. ‘मॅडम, पुढच्या वर्षी नववी,’ ते म्हणाले. ‘क्लास सकाळी साडेसहाचा आहे. फीसुद्धा भरली.’ मी तिच्या खेळाबद्दल बोलत राहिले. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, ‘तुम्ही एवढं खेळलात. तुम्हाला काय मिळालं?’

प्रश्नात टोमणा नव्हता. त्यांना खरंच जाणून घ्यायचं होतं. मेडल्स म्हणावं तर ती आईने कधीच बॉक्समध्ये भरून ठेवली. नोकरी खेळामुळे लागलेली नाही. मी म्हटलं, ‘काका, ऑफिसात सगळे एकदम बोलायला लागले की मला अजून कोण मोकळं आहे ते दिसतं. तेवढंच मिळालं. पण रोज उपयोगी पडतं.’

ते हसले. सात नंबर दाराआड उभी राहून ऐकत होती. शेवटी तोडगा निघाला: आठवड्यातून तीन दिवस, दिवाळीपर्यंत. युनिट टेस्टचे मार्क बघून पुढचं ठरणार.

त्याच महिन्यात ऑफिसने मला टीम लीडची पोस्ट देऊ केली. पगार चांगला वाढत होता, पण शिफ्ट रात्रीची होती, सकाळी सातला सुटणारी. घरी सगळ्यांचं मत एकच, ‘घे. मैदान काय पळून जातंय?’ मैदान कुठेच जात नाही, हे खरं. पण मुली जातात. नववी येते, क्लास येतो आणि एक दिवस त्या येणं बंद करतात. त्या वेळी तिथे कुणीतरी असावं लागतं. मी दिवसाची शिफ्टच ठेवली. पतियाळाचा फॉर्म भरला आणि सहा आठवड्यांची रजा मागितली, विदाउट पे. बॉसने कपाळावर आठ्या आणल्या, पण सही केली. आईने दोन दिवस अबोला धरला. तिसऱ्या दिवशी तिनेच माळ्यावरून बॅग काढून दिली.

जाण्याआधी एक मॅच होती. शेवटचं दीड मिनिट, आम्ही एका पॉइंटने मागे, माझ्याकडे एक टाइमआउट शिल्लक. सात नंबर बॉल घेऊन वर येत होती आणि दोघी तिच्या अंगावर. सगळा बेंच माझ्याकडे बघत होता. तिने मात्र एकदाही बघितलं नाही. डावीकडे तोंड करून तिने उजवीकडे पास दिला, कोपऱ्यात एकट्या उभ्या असलेल्या मुलीला. खडूच्या पावलांवरून लेअप शिकलेली ती हीच. उजवा, डावा, उडी.

मी हात खिशातच ठेवले होते.