आखडता हात

रोपवाटिका चालवणाऱ्याचा हात सैल लागतो. पाणी, शेणखत, सावली यांत कंजुषी केली की रोपं बाळसं धरत नाहीत आणि गिऱ्हाईक मागे फिरतं. तरवडाचं उलट आहे. त्याच्यापुढे हात आखडता घ्यावा लागतो, आणि हिरवं दिसावं म्हणून धडपडण्याची सवय लागलेल्या माझ्यासारख्याला तेच जड जातं.

आमच्या माणदेशात तरवड सगळ्यांच्या पाहण्यातला. मुरमाड माळावर, ओढ्याच्या काठाला, रस्त्याकडेला उभा असतो आणि पाऊस सरता सरता पिवळ्याधमक घोसांनी भरून जातो. पानाच्या बुडाशी कानाच्या पाळीसारखं गोल उपपर्ण असतं. फुलं नसली तरी तेवढ्या खुणेवर ओळखू येतो. शेळ्या त्याला सहसा तोंड लावत नाहीत, म्हणून चरून बोडक्या झालेल्या माळावरही तो टिकतो. नवरात्रात घटावर त्याच्या फुलांची माळ चढते. त्याच सुमाराला तेलंगणात बायका बतुकम्मा सणाच्या थरांत हीच फुलं रचतात. तिथलं ते राज्यफूल आहे.

शेंगा झाडावरच पुऱ्या वाळू द्याव्यात. बी सोलल्यावर निवडणं आलं, कारण बऱ्याच बियांत भुंगेऱ्यांनी आधीच घर केलेलं असतं. बारीक भोक दिसलं की बी बाद. धड बियांचं कवच इतकं टणक, की नुसत्या पेरल्या तर काही या पावसात उगवतात, काही पुढच्या. पावसाचा भरवसा नसलेल्या मुलखात हे शहाणपणच आहे. सगळी बी एकाच पावसाच्या जिवावर उगवली तर वंश बुडायचा. रोपवाल्याला मात्र एकदम उगवण हवी असते. म्हणून उकळलेलं पाणी खाली उतरवून जरा निवू द्यायचं आणि त्यात बी रात्रभर ठेवायची. सकाळी टपोऱ्या फुगलेल्या बिया पेरायच्या.

खरी परीक्षा पुढे. रोप वर वीतभरही नसतं, तोवर सोटमूळ पिशवीचा तळ गाठून गोल फिरू लागतं. असं वेटोळं घेतलेलं मूळ मुरमात सरळ उतरत नाही. म्हणून पिशवी अरुंद आणि उंच घ्यायची, माती हलकी ठेवायची, शेणखत नावाला. शेंगांच्या कुळातला असला तरी याच्या मुळांवर हरभऱ्यासारख्या गाठी नसतात, त्यामुळे तो जमिनीला नत्र देईल या आशेनं लावू नये. लावायचा तो माती धरून ठेवायला. रोपानं जोर धरला की सावलीची जाळी काढायची आणि पाण्याच्या पाळ्या लांबवायच्या. लाडावलेलं रोप विक्रीला देखणं दिसतं, पण पहिल्या उन्हाळ्यात माना टाकतं. सगळ्यात चांगलं म्हणजे पहिल्या पावसावर थेट माळावर बी टोबणं. मग रोपवाटिकेचं कामच उरत नाही!

बीसाठी राखलेल्या झाडांभोवतीही फार साफसफाई करत नाही. तरवडाच्या फुलात मध नसतो. परागकोशाच्या टोकाला बारीक छिद्रं असतात आणि नुसत्या स्पर्शानं पराग सांडत नाही. मोठा काळा भुंगा फुलाला कवटाळून छातीचे स्नायू थरथरवतो, तेव्हा पराग बाहेर उडतो. हे भुंगे वाळक्या लाकडात बिळं कोरून राहतात. वठलेली फांदी नीटनेटकेपणापायी सरपणात घातली, तर त्यांचं घर मोडतं. पानांवर हिरव्या अळ्या आल्या तरी फवारत नाही. त्यांची पुढे फिकट पिवळी-पांढरी फुलपाखरं होतात, आणि तरवडाला नवी पालवी फुटते.

गिऱ्हाईक विचारतं, रानात फुकट मिळणारं झुडूप विकत कशाला घ्यायचं? प्रश्न रास्त आहे. मद्रासकडच्या चर्मोद्योगानं कातडी कमावण्यासाठी तरवडाची साल वर्षानुवर्षं सोलली. पुढे त्याच कामासाठी दक्षिण आफ्रिकेतून वॉटल नावाच्या झाडाची साल आणि अर्क येऊ लागला. एवढं सोसूनही तरवड संपला नाही, कारण तोडलेल्या तरवडाला बुंध्यापासून पुन्हा धुमारे फुटतात. कोयत्याला तो पुरून उरतो, शेळीलाही. जेसीबी मात्र मुरमासकट अख्खी टेकडी उचलून नेतो, आणि मागे ना बुंधा राहतो ना मातीत पडून राहिलेलं बी. म्हणून विचारणाऱ्याला मी सांगतो, तुमच्या गावच्या माळावर तरवड असेल तर माझ्याकडून रोप घेऊ नका. त्याच माळाचं बी गोळा करा आणि शेजारच्या उघड्या उतारावर टोबा. रोप न्यायचं ते टेकडी सपाट झालेल्या गावानं.