खरपुडी

हॅश ब्राउन्स मराठीत आणायचे तर पहिली अडचण अशी, की ते मराठीत आधीपासूनच आहेत असं वाटतं. बटाटा सोलायचा, किसायचा, तापल्या तव्यावर टाकायचा. ऐकणारा मराठी माणूस म्हणणारच, अहो, हा तर बटाट्याचा कीस, उपासाचा. माझ्या संपादकांनीही तेच म्हटलं. एका अमेरिकन कथेच्या अनुवादात मी 'हॅश ब्राउन्स' असंच लिहिलं होतं. समासात त्यांची पेन्सिल होती: 'बटाट्याचा कीस का नको?' प्रश्न रास्त होता. त्याचं उत्तर लिहायला मला तीन आठवडे लागले, आणि ते बरंचसं स्वयंपाकघरात लिहिलं गेलं.

सोपं उत्तर तयार होतं. त्या थाळीत शेजारी डुकराच्या मांसाच्या पट्ट्या आणि दोन अंडी होती. तिथे कीस वाढला तर मराठी वाचकाला एकादशी आठवणार आणि कथा नको तिथे विनोदी होणार. पण एवढ्यावर भागत नव्हतं. कथेत एक परिचारिका आहे. रात्रपाळी संपवून ती पहाटे रस्त्याकडेच्या डायनरमध्ये येते, काउंटरवर बसते आणि हॅश ब्राउन्सच्या फक्त कडा खाते. मधला मऊ भाग तसाच ठेवते. तव्यामागचा माणूस तिची थाळी इतरांपेक्षा दोन मिनिटं उशिरा उतरवतो. दोघं एकमेकांशी जवळजवळ बोलत नाहीत. कथेत जी काही माया आहे ती एवढीच, त्या दोन मिनिटांची. आता इथे कीस लिहिला, झाकण ठेवून वाफवलेला, दाण्याचं कूट घातलेला, मऊ, तर त्या माणसानं तिच्यासाठी नेमकं काय केलं? काहीच नाही.

मग मी शब्दाच्या मागे लागले. तौलनिक साहित्याची ही खोड, पदवी जुनी झाली तरी जात नाही. इंग्रजीतला 'हॅश' फ्रेंचमधून आला, तिथे त्याचा अर्थ बारीक चिरणं, आणि त्याच्याही मागे कुऱ्हाडीचा शब्द आहे. (संगणकवाले पासवर्ड 'हॅश' करतात तोही हाच, चिरून ओळखू न येईलसा केलेला.) या पदार्थाचं जुनं नाव 'हॅश्ड ब्राउन पोटॅटोज', म्हणजे चिरून तांबूस केलेले बटाटे. दोन क्रियापदांचं नाम झालं, आणि पुढे लोकांनी बटाटे हा शब्दच गाळून टाकला. मारिया पार्लोआ या अमेरिकन पाककृतीलेखिकेच्या 1887 सालच्या 'किचन कम्पॅनियन' या पुस्तकात त्याचा जुना उल्लेख सापडतो. तिथे बटाटे उकडून गार केलेले आहेत आणि तव्यावर ऑम्लेटसारखे दुमडलेले आहेत. उरलेल्या बटाट्यांचं करायचं काय, या प्रश्नातून निघालेला पदार्थ दिसतो. म्हणजे त्याचं नातं उपासाच्या किसापेक्षा आपल्या फोडणीच्या भाताशी जवळचं.

नंतर तो डायनरचा झाला आणि डायनरच्या भाषेत शिरला. अमेरिकेत वॉफल हाउस नावाची उपाहारगृहांची साखळी आहे. तिथे हॅश ब्राउन्स 'स्कॅटर्ड, स्मदर्ड, कव्हर्ड' असे मागतात: तव्यावर मोकळे पसरलेले, कांद्याखाली गाडलेले, चीजनं झाकलेले. ही मागणी म्हणजे स्वयंपाक्याला दिलेल्या हुकमांची माळ आहे. पदार्थाचं नाव त्यात येतही नाही. स्वित्झर्लंडमध्ये तर किसलेल्या बटाट्याच्या रोश्टीवरून भाषेची सीमा सांगतात. जर्मन बोलणारे आणि फ्रेंच बोलणारे यांच्यामधल्या रेषेला तिथे थट्टेनं 'रोश्टीचा खंदक' म्हणतात. आपल्याकडे असा खंदक नाही, पण नावांची गंमत आहेच. आपला बटाटा पोर्तुगिजांकडून आला, आणि मुळात कॅरिबियन बेटांवरच्या भाषेत तो शब्द रताळ्याचा. तमिळमध्ये तो गडगडणारा कंद आहे. तेलुगूत तो बंगाळादुंपा, म्हणजे बंगालचा कंद. बंगालमध्ये मात्र तो नुसता आलू.

मी बंगालमध्ये राहते. तेवीस वर्षांपूर्वी जादवपूरला एम.ए. करायला आले आणि इथेच राहिले. इथल्या बाजारात भाजीवाला नुसते बटाटे देत नाही. आधी विचारतो, 'ज्योति, ना चंद्रमुखी?' चंद्रमुखी महाग आणि लवकर शिजणारी. ज्योति स्वस्त. दोन्ही नावांच्या पुढे 'कुफ्री' हे आडनाव आहे, ते बाजारात गळून पडतं. कुफ्री हे सिमल्याजवळचं गाव. केंद्रीय बटाटा संशोधन संस्था सिमल्याची, म्हणून तिथून निघालेल्या वाणांना ते नाव. ज्योति आणि चंद्रमुखी दोन्ही 1968 सालच्या. वडील गेल्यावर आई साताऱ्याहून माझ्याकडे राहायला आली. ती पहिल्यांदा माझ्याबरोबर बाजारात आली तेव्हा तिला वाटलं, भाजीवाला आपल्या मुलींबद्दल बोलतोय. अजूनही ती मला सांगते, 'येताना ज्योतीला घेऊन ये गं.'

कुरकुरीतपणाची निम्मी गोष्ट बाजारातच ठरते. बटाट्यात पाऊणहून जास्त पाणी असतं. हिवाळ्यात येणाऱ्या कोवळ्या नव्या बटाट्यात ते आणखी जास्त आणि पीठ कमी. तो रश्श्यात छान लागतो, इथे कामाचा नाही. उलट, हुगळी-बर्धमानकडचं पीक फेब्रुवारी-मार्चमध्ये निघालं की बरंचसं शीतगृहात जातं, आणि पावसाळ्यात आपण खातो ते तिथलं. दोन ते चार अंशांच्या थंडीत बटाटा आपल्याच पिठाची साखर करायला लागतो. आई म्हणते, 'श्रावणातला बटाटा गोड लागतो,' ते अगदी खरं आहे. हा गोड बटाटा तव्यावर पडला की आतून शिजायच्या आधी बाहेरून काळा पडतो. वेफर्सच्या कारखान्यांना म्हणूनच तो चालत नाही. ते दहा-बारा अंशांवर साठवलेला बटाटा घेतात आणि त्यांच्यासाठी 'चिपसोना' हे वेगळं वाणही काढलेलं आहे. घरच्या माणसानं एवढंच करावं, बटाटा फ्रिजमध्ये ठेवू नये.

मी चार मध्यम ज्योति घेते, साधारण अर्धा किलो. किसणीच्या मोठ्या भोकांनी, लांब दोऱ्या पडतील असं किसते आणि कीस लगेच गार पाण्यात सोडते. पाणी दुधासारखं पांढरं होतं. ते ओतायचं, पुन्हा भरायचं, निवळ दिसेपर्यंत. किसताना बटाट्याच्या पेशी फुटून जे पीठ सुटतं ते तसंच राहिलं, तर साठ-पासष्ट अंशांवर फुगून त्याची खळ होते आणि दोऱ्या एकमेकींना चिकटून लगदा होतो. धुतल्यावर पिळायचं. यासाठी बंगाली गामछ्यासारखं फडकं नाही. पातळ, विरळ विणीचा आणि पिळायला दणकट. माझा एक लाल चौकड्यांचा गामछा फक्त बटाट्यांसाठी आहे. कीस त्यात बांधायचा, वर पळीचा दांडा अडकवून मुरगळत न्यायचा. पाणी थांबलं असं वाटल्यावर आणखी एकदा मुरगळायचा.

दारातल्या स्टुलावर बसून आई हे बघत होती. साली तिनंच काढून दिल्या होत्या. म्हणाली, 'अगं, किती पिळशील? जीव गेला त्याचा.'

तिच्या दृष्टीनं ते बरोबरच आहे. किसाला ते पाणी लागतं. तुपात जिरं, मिरची, त्यावर कीस, झाकण; बटाटा स्वतःच्याच वाफेत शिजतो. मधून मधून परतायचा, शेवटी कूट, मीठ, चिमूटभर साखर, लिंबू, ओलं खोबरं. पाणी गेलं तर कीस कोरडा पडतो आणि घशाशी बसतो. हॅश ब्राउन्सचं सगळंच उलट. जोवर वर पाणी आहे तोवर पृष्ठभाग शंभर अंशांच्या पुढे जात नाही, आणि तांबूस रंग व तो भाजका वास येण्यासाठी एकशे चाळीसच्या आसपास पोचावं लागतं. पाणी उडवण्यात वेळ गेला तर रंग येईपर्यंत आतला बटाटा मेण होतो. म्हणून पिळणं, म्हणून झाकण नाही, आणि म्हणून मीठसुद्धा तव्यावर पसरल्यावर वरून. आधी घातलं तर ते पुन्हा पाणी सोडवतं. सामान तेच, पण एकात वाफ कोंडायची, दुसऱ्यात ती घालवायची. हे लक्षात आल्यावर संपादकांना काय लिहायचं ते मला अर्धं कळलं. शब्दकोश नामांशी नाम जुळवून देतो. इथे फरक सगळा क्रियापदांत होता.

आता तवा. बिडाचा असेल तर उत्तम, तो उष्णता धरून ठेवतो. तूप चांगलं सैल हातानं. लोणी नको, त्यातला दुधाचा अंश आधी जळतो. कीस टाकायचा, अर्ध्या बोटाच्या जाडीचा पसरायचा, उलथन्यानं एकदा हलकेच दाबायचा आणि मध्यम आचेवर सोडून द्यायचा. यानंतरची सात-आठ मिनिटं सगळ्यात अवघड, कारण काहीही करायचं नसतं. माझ्यासारख्या परतायची सवय असलेल्या बायकांचा हात आपोआप उलथन्याकडे जातो. पण खालचा थर धरायच्या आत हलवलं की तो मोडतो आणि पुन्हा जुळत नाही. कान द्यायचा. सुरुवातीला चरचर ओली असते. पाणी संपत आलं की आवाज बारीक आणि कोरडा होतो. कडा तांबूस दिसल्या आणि तवा हलवल्यावर सगळी चकती एकसंध सरकली, की ताटली उपडी घालून उलटायची आणि दुसऱ्या बाजूला पाच-सहा मिनिटं द्यायची.

शेजारच्या घरी झुरी आलू भाजा करतात, तोही कुरकुरीतच. त्यात काडीसारख्या बारीक दोऱ्या भरपूर तेलात सुट्या तळतात, वर शेंगदाणे आणि कढीपत्ता, डाळ-भातावर घेतात. फार चांगला लागतो. पण त्याला आत-बाहेर नसतं, तो आरपार कुरकुरीत. हॅश ब्राउन्सला दोन्ही लागतं, वर पापुद्रा आणि खाली वाफाळता मऊ भाग. कथेतल्या बाईला टाकून द्यायला ते मऊ असावं लागतं.

चकती उलटल्यावर आईनं स्टुलावरून मान उंच करून तव्यात पाहिलं. 'हे म्हणजे सगळी खरपुडीच,' ती म्हणाली.

हा शब्द मी वीस-बावीस वर्षांत ऐकला नव्हता. किसाच्या कढईच्या बुडाला तांबूस, चिवट-कुरकुरीत थर धरतो तो. लहानपणी आम्ही भावंडं त्यावर भांडायचो आणि आई उलथन्याची धार लावून तो खरवडून समान वाटे करायची. शब्द मला माहीत होता, पण माझ्या हाताशी नव्हता. मी त्या जागी 'कुरकुरीत थर', 'खरपूस कवच' असलं काहीबाही लिहून ठेवलं होतं, पुस्तकी आणि कोणाच्याच तोंडी नसलेलं. परमुलखात राहून अनुवाद करणाऱ्याचं मराठी असंच होत जातं. चुकत नाही, फक्त त्याला वास येईनासा होतो. मी इथे दिवसभर बंगाली आणि इंग्रजी बोलते. मराठी वाचते आणि लिहिते. आई आल्यापासून घरात ते पुन्हा बोललं जातं. तिची अवस्था माझ्या उलट आहे. तिच्याकडे शब्द भरपूर आणि ते ऐकणारी मी एकटी. दुपारी मी कामात असले की ती मला हाक मारत नाही, आणि मग संध्याकाळपर्यंत या घरात कोणी मराठी बोललेलं नसतं. ती किती गप्प बसून असते याचा हिशेब मी करायचं टाळते.

मी तिला विचारलं, 'खरपुडी होते म्हणायचं की लागते?'

'धरते,' ती म्हणाली. 'बुडाला खरपुडी धरते. आणि आच मोठी झाली तर करपते. एवढंही विसरलीस?'

त्या रात्री मी संपादकांना लिहिलं. हॅश ब्राउन्स हा शब्द राहू दे, वाचकाला तो दोन ओळींत कळेल. टीप नको. बाई कडा खाते तिथे 'खरपुडी' घालूया. आणि तव्यामागचा माणूस तिची थाळी उतरवायला थांबतो ते 'खरपुडी धरेपर्यंत'. त्यांचं उत्तर एका ओळीचं आलं, की आता वाचकाला उपासच आठवेल. यावर आमचं अजून चाललं आहे. मला वाटतं, आठवला तर आठवू दे. खरपुडी उपासाची नाही, बुडाची आहे. भाताची असते, पिठल्याची असते.

पुढच्या एकादशीला आईनं विचारलं, ते तुझं अमेरिकन उपासाला चालेल का. तूप, बटाटा, सैंधव. न चालायला काय आहे? मी पातळ चकती केली, चांगली दहा मिनिटं तव्याला हात न लावता. आईला वरच्या दातांची कवळी आहे. तिनं चमच्यानं मधला मऊ भाग काढून घेतला, त्यावर लिंबू पिळलं, आणि कडा एकेक करून माझ्या ताटलीत सरकवल्या. मग इकडेतिकडे पाहत म्हणाली, दाण्याचं कूट संपलंय वाटतं, उद्या आणायला हवं.