आमची वाकडी

आमचे गाव जांब समर्थ, तालुका घनसावंगी. आमच्या घरी सात कोंबड्या आहेत. त्यातल्या एकीचे नाव वाकडी. तिची वरची चोच डावीकडे जाते आणि खालची उजवीकडे. कात्रीसारखी दिसते. अशी कोंबडी मी दुसरीकडे पाहिली नाही.

अगदी लहान पिल्लू होती तेव्हा चोच सरळ होती. मग हळूहळू वाकडी झाली. बाकीची पिल्ले भराभर कण्या टिपायची. हिला जमिनीवरचा दाणा उचलताच येईना. ती वाळून गेली. आजी म्हणाली, "हिचं काय खरं न्हाई. बाजारात बी कुणी घेणार न्हाई. पाहुणे आले की कापू." मी म्हणालो, "आजी, थांब ना, मी तिला चारतो." आजी म्हणाली, "बरं, पोळ्यापर्यंत बघू."

मग मी ज्वारीचा भरडा पाण्यात कालवून खोल वाडग्यात ठेवू लागलो. खोल वाडग्यात तिला चोच बुडवून घास घेता येतो. तिला वेगळे खायला द्यावे लागते, नाहीतर दुसऱ्या कोंबड्या सगळे फस्त करतात.

चोच आपल्या नखासारखी असते. ती जन्मभर वाढते. कोंबड्या टोचतात, दगडावर घासतात, म्हणून ती झिजते. वाकडीची चोच एकावर एक बसत नाही, म्हणून नीट झिजत नाही, लांब होते. जनावरांच्या डॉक्टरांनी बाबांना दाखवून दिले. फक्त टोक बारीक कानशीने हळूहळू घासायचे. आत हाड आणि रक्त असते. जास्त काढले तर रक्त येते व तिला दुखते. बाबा घासतात, मी तिला फडक्यात गुंडाळून धरतो. डोळ्यांवर फडके आले की ती गप बसते.

तिला पिसे नीट साफ करता येत नाहीत, म्हणून उवा होतात. मी मातीत चुलीची राख मिसळून ठेवतो. ती त्यात मजेत लोळते.

गुरुजी म्हणाले, पोपटाची चोचपण वाढत असते. रानात तो लाकूड आणि कठीण फळे कुरतडतो, म्हणून झिजते. पिंजऱ्यात कुरतडायला काही नसले तर लांब होऊ शकते. पोपट पाळायला १९७२ च्या कायद्याने बंदी आहे.

पोळा झाला, दिवाळी पण झाली. वाकडी आता अंडी देते. ती आम्ही उबवायला ठेवत नाही, कारण पिल्लांची चोचही वाकडी होऊ शकते. परवा पाहुणे आले. आजी बाबांना म्हणाली, "वाकडीला सोडून दुसरी धर."

इयत्ता ४ थी