नसलेल्या किडनीचा कोड

अमेरिकेतल्या रुग्णालयांच्या फायली पुण्यात, हैदराबादेत, चेन्नईत बसून कोड होतात, हे आता कुणाला नवं नाही. बी.एस्सी., बीएएमएस, फिजिओथेरपी असं काही ना काही शिकलेली मुलंमुली मोबाइल लॉकरमध्ये ठेवतात, दोन-दोन स्क्रीनपुढे बसून डॉक्टरांची टिपणं वाचतात आणि प्रत्येक निदानाला आयसीडी-१०-सीएम या यादीतला कोड लावतात. मीही त्यातलीच, पुढे ऑडिटला आले, म्हणजे इतरांनी लावलेले कोड तपासायला. युरॉलॉजीच्या फायली माझ्याकडे येतात. त्यातला मला सर्वांत जवळचा वाटणारा कोड कुठल्याच आजाराचा नाही. झेड ९०.५ : किडनी होती, आता नाही.

झेड ९० मध्ये शस्त्रक्रियेने किंवा अपघाताने गेलेल्या अवयवांची नोंद होते. पाच म्हणजे किडनी. सहा म्हणजे मूत्रमार्गाचे बाकीचे भाग, मुख्यतः मूत्राशय. जन्मतःच एक किडनी नसेल तर तो वेगळा मामला, क्यू ६०.० चा. इथेच पहिली ठेच लागते. डॉक्टर घाईत ‘सॉलिटरी किडनी’ एवढंच लिहून मोकळे होतात. हे शब्द घेऊन अनुक्रमणिकेत गेलं की ती थेट जन्मजात दोषाकडे बोट दाखवते. ‘ॲबसेन्स, किडनी’ शोधलं तर मात्र झेड ९०.५ सापडतो. नवखा कोडर क्यू लावून पुढे जातो, आणि पंचावन्नाव्या वर्षी कॅन्सरमुळे किडनी काढलेला माणूस कागदोपत्री जन्मापासूनच एका किडनीचा ठरतो. शस्त्रक्रियेचा उल्लेख कुठल्या तरी जुन्या टिपणात सापडतोच. नाही सापडला तर डॉक्टरांना क्वेरी पाठवायची. तीही उत्तर सुचवणारी नको: ‘किडनी काढली होती ना?’ असं विचारता येत नाही.

‘किडनी गेली आणि आजार नाही?’ असं ट्रेनिंगमध्ये हमखास कुणीतरी विचारतं. मग मी त्यांना १८६९ सालच्या हायडलबर्गला नेते. तिथे गुस्ताव सिमॉन नावाच्या सर्जनकडे एक बाई होती. तिच्या मूत्रवाहिनीला इजा होऊन लघवी सतत गळत राहायची, दुरुस्तीचे प्रयत्न फसले होते. सिमॉनने आधी कुत्र्यांवर प्रयोग करून एका किडनीवर प्राणी जगतो याची खात्री करून घेतली, आणि २ ऑगस्टला तिची त्या बाजूची किडनी काढली. बाई बरी झाली. उरलेली किडनी वाढून बरंचसं काम अंगावर घेते, हे आज आपण गृहीतच धरतो. म्हणून झेड ९०.५ ही स्थिती आहे, रोग नाही. क्रिएटिनिन वाढलेलं दिसलं तरी कोडरने आपल्या अकलेने किडनीविकाराचा एन १८ जोडायचा नाही. निदान डॉक्टरांनीच लिहायला हवं.

या कोडने बिलाच्या रकमेत सहसा फरक पडत नाही, आणि माझ्या मते त्याच्या हेळसांडीचं खरं कारण तेच आहे. दिवसाचं टार्गेट डोक्यावर असलं की पैसे न आणणारा कोड आधी गळतो. पण दोन्ही किडन्या असलेल्या माणसाच्या एका बाजूच्या मूत्रवाहिनीत खडा अडकला तर कळा येतात. एकच किडनी असलेल्याची लघवीच थांबू शकते. त्याला रात्री दोन वाजता थिएटरमध्ये का नेलं, हे विमा कंपनीच्या माणसाला नुसत्या खड्याच्या कोडवरून कसं कळावं?

मूत्राशयाचं प्रकरण जास्त गुंतागुंतीचं. कॅन्सरसाठी पुरुषाचं मूत्राशय काढताना सहसा प्रोस्टेटही जातं, म्हणजे झेड ९०.६ बरोबर झेड ९०.७९ आलाच. लघवीला नवी वाट लागते. युजीन ब्रिकरने १९५० मध्ये रूढ केलेल्या पद्धतीत लहान आतड्याचा तुकडा कापून घेऊन मूत्रवाहिन्या त्याला जोडतात आणि त्याचं तोंड पोटावर काढतात. तिथे पिशवी लागते. त्या तोंडाचा झेड ९३.६. आतड्याचंच नवं मूत्राशय करून ते मूळच्या मार्गाला जोडलं, तर पोटावर तोंड नाही आणि झेड ९३ ही नाही. तोंडाशी काही बिघाड झाला तर पुन्हा झेड ९३ काढून एन ९९.५ कडे जायचं. आणि कॅन्सर? तो काढून टाकला, उपचार संपले, पुन्हा उद्भवल्याची खूण नाही, तर चालू कॅन्सरचा सी ६७ नव्हे, पूर्वेतिहासाचा झेड ८५.५१. बरा झालेला कॅन्सर वर्षानुवर्षं चालू म्हणून कोड होत राहिलेला मी इतक्या वेळा पाहिला आहे, की त्या एका ओळीवर आधी माझी नजर जाते.

यादी करणाऱ्यांवर माझा राग एकाच गोष्टीचा. स्तन काढला असेल तर उजवा, डावा की दोन्ही, असे वेगळे कोड आहेत. स्वादुपिंड पूर्ण गेलं की अर्धवट, तेही सांगता येतं. किडनीला बाजूच नाही! किडनीच्या कॅन्सरला आहे: सी ६४.१ उजवीचा, सी ६४.२ डावीचा. पण किडनी काढली, उपचार संपले आणि कॅन्सर इतिहासजमा झाला, की कोडमधून बाजूही पुसली जाते.

कारणही पुसलं जातं. कॅन्सरवाल्याला निदान झेड ८५ ची सोबत असते. दात्याचं काय? बोस्टनमध्ये २३ डिसेंबर १९५४ रोजी रोनाल्ड हेरिकने आपल्या जुळ्या भावाला किडनी दिली आणि तो २०१० पर्यंत जगला. आजच्या यादीत अशा दात्याला किडनी देण्यासाठी दाखल असताना झेड ५२.४ मिळतो, म्हणजे ‘किडनीदाता’. पुढे ब्लड प्रेशरसाठी, गुडघ्यासाठी, मोतीबिंदूसाठी तो जेव्हा जेव्हा येईल, तेव्हा त्याच्या नावापुढे लागतो तो झेड ९०.५, अपघातात किडनी गमावलेल्यालाही तोच.

आपल्याकडे तर मुलाला किडनी देणाऱ्या आया घरोघरच्या ओळखीत सापडतात. त्यांच्या डिस्चार्ज कार्डावरची ‘डावी किडनी, दान, अमुक साल’ ही ओळ जपून ठेवायला मी नात्यातल्या एका मावशींना सांगितलं. ‘व्रण आहे की,’ त्या म्हणाल्या. दुर्बिणीतून किडनी काढतात तेव्हा मोठा व्रण अनेकदा बेंबीखाली असतो. त्यावरून बाजू कळत नाही.