मंथरेचा डोळा

चेहऱ्यावरून स्वभाव ठरवण्याची आपली सवय फार जुनी आहे. रामायणातील मंथरा कुब्जा आहे आणि तिचे कुबड तिच्या कपटापासून वेगळे काढून आपण कधी पाहत नाही. शरीरातील व्यंग ही मनातील व्यंगाची खूण मानणाऱ्या या वाचनपद्धतीने एका थोर अभिनेत्रीची कारकीर्द घडवली. आणि त्याच अभिनेत्रीने ती पद्धत काही ठिकाणी मोडूनही दाखवली.

ललिता पवार यांचा जन्म १९१६ साली येवल्याचा. मूकपटांच्या काळात बालकलाकार म्हणून त्यांनी कामाला आरंभ केला आणि पुढे त्या नायिका झाल्या. १९४२ मध्ये एका चित्रीकरणात सहकलाकार भगवान यांची थप्पड जोरात बसली. चेहऱ्याची एक बाजू लुळी पडली, उपचारांत सुमारे तीन वर्षे गेली आणि डावा डोळा कायमचा बारीक राहिला. नायिकापण संपले. त्यानंतर खाष्ट सासूच्या भूमिका वाट्याला आल्या आणि तो मिचका डोळा दुष्टपणाची सही ठरला. जी जखम होती, तिला प्रेक्षकांनी स्वभाव म्हटले.

१९८७ साली दूरदर्शनवर 'रामायण' सुरू झाले तेव्हा मी तिसरीत होते. साकोली तालुक्यातील आमच्या गावात रविवारी सकाळी ज्या घरी टीव्ही होता, तिथे अंगणापर्यंत माणसे बसत. सत्तरी ओलांडलेल्या ललिताबाई त्यात मंथरा झाल्या होत्या. आमच्या मोठ्या आईच्या तोंडावरून पूर्वी वारे गेले होते. एक डोळा नीट उघडत नसे. गावातल्या बाया तिला पाठीमागे 'ललिता पवार' म्हणत. तिला ते ठाऊक होते. मंथरा कैकेयीचे कान भरत असताना सारे अंगण शिव्याशाप देत होते आणि मोठी आई हळूच म्हणाली, "काम बेस करते बाई. पन डोळा दुखत असन तिचा."

समीक्षेची पुस्तके मी पुष्कळ नंतर वाचली. पात्र आणि नट यांतील अंतर इतक्या थोड्या शब्दांत सांगणारे वाक्य मला त्यांत आढळले नाही.

हे अंतर ललिताबाईंनी स्वतः किती ताकदीने वापरले, ते 'श्री ४२०' (१९५५) मधील केळेवाली गंगामाई आणि 'अनाडी' (१९५९) मधील मिसेस डिसा पाहिल्यावर कळते. मिसेस डिसा भाडेकरूवर सतत खेकसते आणि त्याच वेळी त्याच्या पोटाची काळजी वाहते. डोळा तोच, चेहराही तोच. पण इथे त्यातून माया ओसंडते. या भूमिकेसाठी त्यांना फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. चेहऱ्याला स्वतःचा अर्थ नसतो, तो कथेतील नात्यांतून येतो, याचा याहून स्पष्ट दाखला शोधूनही सापडणार नाही.

१९९८ मध्ये त्या गेल्या. २०२० च्या टाळेबंदीत 'रामायण' पुन्हा दाखवले गेले, तेव्हा मी मंथरेचे प्रसंग लक्षपूर्वक पाहिले. त्या म्हातारीच्या कारस्थानामागे भरतावरच्या प्रेमाची आणि दासीच्या असुरक्षिततेची छटाही दिसली. आता वर्गात पात्रचित्रण शिकवताना खलपात्राचे रूपवर्णन आले की मी थांबते आणि विद्यार्थ्यांना विचारते : हे व्यंग त्या पात्राचे काय सांगते, आणि आपले काय?