सात मिनिटांची धडधड

रात्री हुबळीतल्या गोकुळ रोडवरच्या खोलीत दिग्दर्शक प्रमोद पतींचा ‘एक्सप्लोरर’ हा लघुपट फोनवर पाहिला. १९६८चा, मुंबईच्या फिल्म्स डिव्हिजनचा, जेमतेम सात मिनिटांचा प्रयोग. कृष्णधवल. निवेदन नाही, गोष्टही नाही. नाचणारी तरुण पोरं, यंत्रं, धर्माच्या खुणा... एक दृश्य डोळ्यांत नीट उमटायच्या आत दुसरं अंगावर येतं.

तेव्हा साधा टेलिफोनसुद्धा मोजक्याच घरांत होता. तरी आज फोनवर रील सरकवताना माझ्या छातीत जे होतं, ते पतींनी तेव्हाच पकडलंय. मध्येच घरच्या ग्रुपवरचे निरोप टपकत राहिले. पतींची दृश्यं कुठली आणि आपले निरोप कुठले, हेच क्षणभर कळेना. अस्वस्थता शब्दांत सांगितली की ती फिकी होते. पतींनी ती संकलनाच्या कात्रीने थेट श्वासात उतरवली, याचं मला फार मोल वाटतं.

फोनची ही अस्वस्थता आता दवाखान्यापर्यंत पोहोचलीय. बंगळुरूच्या निम्हान्स या मानसिक आरोग्य संस्थेने २०१४मध्ये तंत्रज्ञानाच्या अतिवापरासाठी वेगळं क्लिनिक सुरू केलं. तिथल्या डॉक्टरांनीही हा लघुपट पाहावा. आणि हुबळी-धारवाडच्या कॉलेजांतल्या मुलांना तो दाखवायलाच हवा. मोठ्या पडद्यावर, सगळ्यांचे फोन बाहेर ठेवून.