कवकभक्षी

पुरवठा खात्यात असताना माळव्यातील एका गोदामात गव्हाच्या थप्पीवर तांबूस, केसाळ, जेमतेम तीन मिलिमीटरचे भुंगेरे आढळले. ‘धान्यास कीड, धुरी देण्यात हयगय’, असा शेरा मी मारला. गोदामपालाची वेतनवाढ रोखली गेली. ‘साहेब, छप्पर गळतं’, हे त्याचे म्हणणे मी टिपलेही नव्हते.

निवृत्तीनंतर कीटकशास्त्राच्या एका पुस्तकात तोच भुंगेरा भेटला. टायफिया स्टर्कोरिया, कुल मायसेटोफॅजिडी. ग्रीकमध्ये ‘मायकेस’ म्हणजे कवक, ‘फॅगेइन’ म्हणजे खाणे. आपल्या ‘भक्ष्’ धातूशी त्याचे नाते भाषाशास्त्रज्ञ सांगतात. थोडक्यात, कवकभक्षी. (लिनियसने १७५८ साली दिलेले जातिनाम शेणावरून आलेले; कुलनाम त्याहून खरे बोलते.) सोंडा दाणा पोखरतो, हा मुख्यतः ओल्या धान्यावरची बुरशी खातो. जिथे तो दिसेल तिथे ओल आधी शिरलेली असते. म्हणजे त्या दिवशी तो गोदामपालाच्याच बाजूने साक्ष देत होता, आणि मी त्यालाच आरोपी केले.

चौकशी केली, तो गोदामपाल आता हयात नाही. त्याच्या मुलाला मी पत्र लिहिले. त्यात हे नाव अर्थासह दिले, आणि माझा तो शेराही.